नोटीस एजंटच्या ईमेलवर आणि लायसन रद्द

प्रश्न: नमस्कार वकीलताई. लालबागला मी आणि माझी जाऊ पोळीभाजी केंद्र चालवतो, रोजचे साठ-सत्तर डबे जातात. श्रावणाच्या आधी दोन साहेब येऊन गेले, भिंतीचा पोपडा उडालाय, कचऱ्याच्या डब्याला झाकण नाही, पाण्याचा टेस्ट रिपोर्ट नाही असं लिहून घेतलं, माझी सही घेतली आणि गेले. आम्ही लगेच रंग मारला, झाकणाचा डबा आणला. गणपती झाल्यावर फूड लायसनचं स्टेटस बघितलं तर थेट रद्द! अन्न व औषध प्रशासनाच्या ऑफिसात म्हणतात दोन नोटिसा पाठवल्या, तुमचं उत्तर नाही. आम्हाला एकही मिळाली नाही हो. मग कळलं, लायसन काढून देणाऱ्या एजंटने फॉर्मवर स्वतःचाच ईमेल टाकलाय. आता नवीन लायसन काढू का? फराळाच्या ऑर्डरी घेऊन बसलोय.

उत्तर: ताई, नवीन लायसनचा विचार आत्ता सोडा, रद्द झाल्यापासून तीन महिने नवा अर्जच करता येत नाही, म्हणजे दिवाळी गेलीच. आधी ऑर्डरची प्रत मिळवा. स्क्रीनवर लाल अक्षरात 'रद्द' दिसतंय ती ऑर्डर नव्हे, ऑर्डर म्हणजे सहीचा कागद ज्यात कारण लिहिलेलं असतं. साधा अर्ज लिहा, तपासणीचा रिपोर्ट, दोन्ही नोटिसा, त्या कुठे आणि कशा पाठवल्या त्याचा पुरावा, आणि ऑर्डर, एवढं मागा आणि आवक खिडकीवर दुसऱ्या प्रतीवर शिक्का मारून घ्या. कुणी सांगेल माहिती अधिकारात टाका, टाका की, पण त्याला तीस दिवस आणि अपिलाला ऑर्डर मिळाल्यापासून पंधराच, त्यामुळे त्याच्या भरवशावर राहू नका.

आता तुमची बाजू कुठे भक्कम आहे ते बघा. अन्न सुरक्षा कायदा २००६, कलम ३२. त्यात पायऱ्या आहेत. पहिली सुधारणा नोटीस, त्यात काय चुकलं, काय करायचं हे लिहून किमान १४ दिवस द्यायचे. नाही केलं तर लायसन निलंबित. तरीही नाही केलं तर कारणे दाखवा म्हणून संधी द्यायची आणि मगच रद्द. लोकांच्या तब्येतीला धोका असेल तर तडकाफडकी निलंबित करता येतं, पण तेही कारण लेखी नोंदवून, आणि पोपडा म्हणजे काही तसा धोका नव्हे. तेव्हा कागद हातात आले की तारखा एकाखाली एक लिहून काढा, मधली निलंबनाची पायरी गाळलेली असेल तर अपिलात पहिला मुद्दा तोच. दुसऱ्या नोटिशीत 'लायसन रद्द का करू नये' असं स्पष्ट विचारलंय का तेही बघा. आणि ऑर्डरमध्ये जे कारण नाही ते खात्याला नंतर आणून चिकटवता येत नाही, हे सुप्रीम कोर्टाने १९७७ मध्ये मोहिंदर सिंग गिल केसमध्ये सांगितलंय, ती केस निवडणुकीची होती पण लायसनवाल्यांच्या कामी रोज येते. दिल्लीच्या राज रेस्टॉरंटच्या केसमध्ये तर १९८२ लाच म्हटलंय की लायसन गेलं म्हणजे पोटावर पाय येतो, म्हणून आधी नोटीस आणि म्हणणं मांडायची संधी हवीच.

कमजोर बाजू पण सांगते, ती ईमेलची. खातं म्हणणार तुम्हीच दिलेल्या ईमेलवर पाठवलं, आणि त्यात तथ्य आहे. गाळ्याची किल्ली आपण शेजारणीला देताना दहादा विचार करतो आणि ओटीपी मात्र एजंटला फोनवर सांगून मोकळे! पण साहेब स्वतः गाळ्यावर येऊन गेलेत, पत्ता माहीत होता, मग तिथे टपालाने काही पाठवलं का, हे विचारायचंच. आणि आजच स्वतःचा ईमेल, मोबाईल लेखी कळवा.

अपील अन्न सुरक्षा आयुक्तांकडे, सोबत स्थगितीचा, म्हणजे निकाल लागेपर्यंत रद्दची ऑर्डर थांबवा असा अर्ज. तिथे नाही जमलं तर हायकोर्टात रिट, म्हणजे सरकारी ऑर्डरविरुद्धची याचिका. एक मात्र लक्षात घ्या, तुम्हाला ऐकून घेतलं नाही हे पटलं तरी बरेचदा निकाल एवढाच येतो की परत सुनावणी घ्या. तेव्हा रंगवाल्याचं बिल, डब्याचं बिल, तारखेसकट फोटो फायलीत लावा आणि पाण्याची टेस्ट उद्याच करून घ्या, ती अजून केलेली दिसत नाही तुम्ही. स्थगिती मिळेपर्यंत डबे बंद. जीव तुटतो, कळतं मला, पण विनालायसन डबे दिलेत तर वेगळीच केस मागे लागेल.

प्रश्न: दादरला आमचं स्नॅक्सचं दुकान आहे. वॉर्डातून आलोय म्हणून एक गृहस्थ आले, 'उद्यापासून बंद ठेवा, लायसन रद्द केलंय' म्हणाले. कागद काही नाही. बंद ठेवू?

उत्तर: तोंडी काही रद्द होत नाही. पालिकेच्या १८८८च्या कायद्यात परवाना रद्द करायचा अधिकार आयुक्तांना आहे, त्यांच्या वतीने जो करेल त्याने लेखी ऑर्डर द्यायला हवी. नाव आणि हुद्दा विचारा, ओळखपत्र बघा आणि त्याच दिवशी वॉर्ड ऑफिसला पत्र द्या की अमुक वाजता अमुक साहेब असं म्हणाले, ऑर्डर असेल तर द्यावी. बहुतेक वेळा 'आम्ही असं म्हणालोच नाही' असं उत्तर येतं. ते उत्तर लेखी घ्या.