केळीच्या हिशोबातून धमक्या: कोर्टातून पोलीस संरक्षण कसं मागायचं

दादा, तुमचा प्रश्न नीट वाचला. रावेर तालुक्यात केळीचा व्यापार, भागीदारी मोडली, दिल्लीला गेलेल्या गाड्यांचे पैसे अडकले. आता जुना भागीदार माणसं पाठवून ‘हिशोब मागशील तर जिवंत ठेवणार नाही’ म्हणतो आणि पोलीस ‘हा तुमचा दिवाणी वाद’ म्हणून परत पाठवतात. थेट हायकोर्टातून संरक्षण मिळेल का, असं तुम्ही विचारलंय.

मिळू शकतं, पण थेट गेलात तर अवघड आहे. खान्देशातले तिन्ही जिल्हे मुंबई हायकोर्टाच्या औरंगाबाद खंडपीठाखाली येतात. तिथे घटनेच्या कलम २२६ खाली रिट याचिका करता येते, आधार कलम २१ चा, म्हणजे जीविताच्या हक्काचा. पण न्यायमूर्ती पहिल्यांदा हेच बघतात की तुम्ही पोलिसांकडे कधी गेलात आणि त्यांनी काय केलं. म्हणून याचिकेची खरी तयारी रावेरातच होते.

अर्जात ‘माझ्या जिवाला धोका आहे’ एवढंच लिहून काही होत नाही. तारीख, वेळ, जागा, कोण आलं, गाडीचा नंबर, त्याने उच्चारलेले शब्द जसेच्या तसे आणि तिथे हजर असलेल्या माणसांची नावं लिहा. शब्द शिवीगाळीचे असले तरी गाळू नका. आणि कृपा करून त्या अर्जात गाड्यांचा हिशोब मांडत बसू नका. मी कोर्टात पाहतो, चार पानं उधारीची आणि धमकी शेवटच्या दोन ओळींत. मग ठाणे अंमलदाराला दिवाणी वादच दिसतो. सुप्रीम कोर्टाच्या ललिता कुमारी निकालाने (२०१३) दखलपात्र गुन्हा, म्हणजे ज्यात पोलीस कोर्टाच्या परवानगीशिवाय तपास करू शकतात असा गुन्हा, उघड होत असेल तर एफआयआर बंधनकारक केली, पण व्यापारी वादात आधी प्राथमिक चौकशीची मुभाही दिली. ती पळवाट तुमच्याच अर्जाने उघडू नये. पैशांचा दावा वेगळा, तो वेगळ्या वकिलाकडे दिला तरी चालेल.

धमकी हा स्वतंत्र गुन्हा आहे, भारतीय न्याय संहितेचं कलम ३५१. जिवे मारण्याची धमकी असेल तर सात वर्षांपर्यंत शिक्षा. धमकावून पैसे किंवा कोऱ्या कागदावर सह्या घेतल्या असतील तर कलम ३०८, खंडणी. अर्जाची पोच शिक्क्यासह घ्या. घेत नसतील तर तोच अर्ज स्पीड पोस्टाने एसपींना पाठवा, भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७३(४) मध्ये ती सोय आहे. तिथेही दाद नाही लागली तर मॅजिस्ट्रेटकडे जाता येतं. नुसती एनसी (अदखलपात्र नोंद) करून परत पाठवलं तर त्याच संहितेच्या कलम १२६ खाली चॅप्टर केसची, म्हणजे प्रतिबंधक कारवाईची, लेखी मागणी करा. शांतता राखण्याचा बाँड लिहून द्यावा लागला की बरेच जण नरमतात.

कॉल रेकॉर्डिंग असेल तर मूळ फोन विकू नका, फॉरमॅट करू नका. भारतीय साक्ष अधिनियमाच्या कलम ६३ चं, इलेक्ट्रॉनिक पुराव्यासाठीचं प्रमाणपत्र पुढे लागतं.

एवढे कागद हातात असले की रिटला वजन येतं. तरी चोवीस तास बंदूकधारी पोलीस दारात उभा राहील, अशी अपेक्षा धरू नका. बहुतेकदा कोर्ट एसपींना धोक्याचा आढावा घेऊन निर्णय करायला सांगतं. त्यातून रात्रीची गस्त, अधिकाऱ्याचा थेट नंबर, समोरच्याला समज, असं काही मिळतं. धोका गंभीर दिसला तर अंतरिम संरक्षणही देतात. म्हणून मागणी नेमकी करा: घर, केळीचं गोडाऊन, कोर्टाच्या तारखेला जाणं-येणं.

एफआयआर झाली की तुम्ही साक्षीदार ठरता. मग साक्षीदार संरक्षण योजनेखाली जिल्हा न्यायाधीशांच्या समितीकडे अर्ज करायचा मार्ग खुला होतो. धोक्याचा अहवाल उपविभागाच्या डीवायएसपींकडून मागवला जातो. हा मार्ग आपल्या भागात फार कमी लोक वापरतात, आणि तो औरंगाबादच्या फेऱ्यांपेक्षा जवळचा आहे.

माणसं पुन्हा दारात आली तर आधी ११२. त्या कॉलची नोंद राहते.

शेवटची धमकी कोणत्या तारखेला आणि कोणासमोर दिली, पोलिसांनी काही कागद दिला का, ते इथे सांगा. नावं मात्र लिहू नका. त्यावरून अर्जाचा मसुदा कसा असावा ते सांगतो.