आम्ही निपाणीला (बेळगाव जिल्हा, कर्नाटक) राहतो; वडिलांची दुचाकी कागलजवळ (कोल्हापूर जिल्हा, महाराष्ट्र) उसाच्या ट्रॉलीवर आदळून ते जखमी झाले, तर नुकसानभरपाईचा दावा बेळगाव जिल्ह्यात दाखल करता येतो का?

होय, आपण निपाणीचे रहिवासी असल्यामुळे, वडिलांची दुचाकी उसाच्या ट्रॉलीवर महाराष्ट्राच्या हद्दीत आदळली असली तरी, दावा बेळगाव जिल्ह्यातील मोटार अपघात दावा न्यायाधिकरणापुढे दाखल करता येतो. मोटार वाहन कायदा, 1988 च्या कलम 166(2) नुसार अपघाताचे ठिकाण, अर्जदाराचे राहण्याचे वा व्यवसायाचे ठिकाण आणि प्रतिवादीचे राहण्याचे ठिकाण यांपैकी कोणतेही निवडण्याची मुभा अर्जदाराला आहे. त्यामुळे प्रत्येक तारखेला कोल्हापूरला हेलपाटे घालण्याचे कारण नाही. फिर्याद व पंचनाम्याच्या प्रमाणित प्रती मात्र महाराष्ट्रातील पोलीस ठाण्यातूनच घ्याव्या लागतील, आणि त्या मराठीत असल्याने सोबत कन्नड किंवा इंग्रजी भाषांतर तयार ठेवावे. पंचनाम्यात ट्रॅक्टर आणि ट्रॉली या दोन्हींचे नोंदणी क्रमांक आले आहेत का, तसेच ट्रॉलीला मागे दिवा किंवा रिफ्लेक्टर नसल्याची नोंद आहे का, हे आधी पाहावे. ट्रॅक्टरचालकाचा निष्काळजीपणा ठरवताना दिवा-रिफ्लेक्टरची ही नोंद महत्त्वाची ठरते. दवाखान्याची मूळ बिले, डिस्चार्ज कार्ड, उत्पन्नाचा पुरावा आणि अपंगत्वाचा दाखला जोडावा. दाखल्यावरील टक्केवारी म्हणजेच कमाईतील घट असे न्यायालय धरत नाही, म्हणून वडील कोणते काम करीत होते हे अर्जात स्पष्ट लिहावे. एक अट महत्त्वाची आहे: 1 एप्रिल 2022 पासून लागू झालेल्या कलम 166(3) मध्ये अपघातापासून सहा महिन्यांची मुदत दिलेली असल्याने, उपचार संपण्याची वाट पाहत बसू नये.