घाट उजेडात उतरा: कोल्हापूरहून सहकुटुंब कोकणात जाताना

दिवाळीची सुट्टी जवळ आली की गाडी काढून कोकणात उतरायचे बेत घराघरांत सुरू होतात. त्याबद्दल वाचकांनी विचारलेल्या प्रश्नांपैकी काही इथे घेतले आहेत. बहुतेकांना एकच काळजी आहे: घरातली म्हातारी माणसं आणि लहान मुलं दमणार नाहीत ना?

घरातले सहा जण रत्नागिरीला जायचं म्हणतोय. आई-बाबा सत्तरीच्या पुढचे, मुलगी दहा वर्षांची, मुलगा सहाचा. तीन दिवस हातात आहेत. पन्हाळा, विशाळगड, मार्लेश्वर, गणपतीपुळे, पावस आणि रत्नागिरी हे सगळं कसं बसवावं? (राजारामपुरी)

यातली निम्मी नावं खोडा. पन्हाळा आपल्यापासून वीस किलोमीटरवर आहे, एखाद्या रविवारी सकाळी जाऊन दुपारी जेवायला घरी येता येतं. २०२५ मध्ये जागतिक वारसा यादीत गेलेला किल्ला आहे तो. वाघबीळला गाडी वळवून तासाभरात उरकावा अशी ती जागा नाही. विशाळगडाला मुख्य रस्ता सोडून बरंच आत जावं लागतं आणि वर चढ आहे. मार्लेश्वराला पायऱ्याच पायऱ्या आहेत. तुमचे आई-बाबा 'आम्ही गाडीत बसतो, तुम्ही जाऊन या' म्हणतील आणि तासभर उन्हात बसून राहतील. ज्या ठिकाणी घरातल्या दोघांना गाडीतच बसावं लागणार, ते ठिकाण या वेळच्या यादीत नको.

उरली रत्नागिरी. तिच्या जोडीला गणपतीपुळे किंवा पावस, दोन्हींतलं एकच. मुक्काम दोन्ही रात्री रत्नागिरीतच, एकाच खोलीत करा. रोज सकाळी बॅगा भरायच्या आणि रोज रात्री नवीन संडास-बाथरूमची सवय करायची, यात म्हातारी माणसं जेवढी थकतात तेवढी प्रवासानं थकत नाहीत. खोली तळमजल्यावर आहे का आणि कमोड आहे का, हे फोनवरच विचारून घ्या.

कोल्हापूर ते रत्नागिरी साधारण एकशे तीस किलोमीटर. फोनवरचा नकाशा तीन-साडेतीन तास दाखवतो, तुम्ही थांबे धरून सहा-सात तास धरा. सकाळी सातला निघालात की वाघबीळ, बांबवडे करत मलकापूरला नाश्ता होतो. तिथून पुढे आंबा गावात अर्धा तास पाय मोकळे करा. मुलांना लघवीला, आईंना चहाला आणि ड्रायव्हरला डोळे मिटायला तो वेळ हवाच. मग आंबा घाट उतरायचा. साखरप्याला किंवा पुढे हातखंब्याच्या आसपास जेवण आणि दोनच्या सुमारास खोलीवर. दुपारी सगळ्यांनी झोपायचं आणि संध्याकाळी मांडवीच्या किनाऱ्यावर जायचं. पहिल्या दिवशी एवढंच.

दुसऱ्या दिवशी सकाळी एक ठिकाण, संध्याकाळी एक. तिसऱ्या दिवशी नाश्ता करून परत. या रस्त्याच्या चौपदरीकरणाचं काम कुठल्या टप्प्यात आहे, याची चौकशी निघण्याच्या आदल्या दिवशी करा. त्या आठवड्यात जाऊन आलेला कोणी ओळखीचा असेल तर सर्वांत चांगलं.

माझ्या सासूबाईंना आणि धाकट्या मुलाला घाटात गाडी लागते. दोघंही उलट्यांनी बेजार होतात. काही उपाय? (कसबा बावडा)

गाडी लागते ती डोळे आणि कान यांचा मेळ बसत नाही म्हणून. आतल्या कानाला प्रत्येक वळण कळत असतं, पण नजर समोरच्या सीटवर किंवा मोबाईलवर खिळलेली असते. म्हणून पहिला उपाय जागेचा. सासूबाईंना पुढे ड्रायव्हरशेजारी बसवा आणि समोर लांबवर रस्त्याकडे बघायला सांगा. मुलगा मागच्या सीटवर मधोमध बसला तर त्यालाही समोरची काच दिसते, फक्त पट्टा लावलेला हवा. घाट सुरू झाला की मोबाईल, चित्रांचं पुस्तक, सगळं पिशवीत. काच थोडी खाली करा. गाडीत अत्तराची बाटली टांगलेली असेल तर ती आधी काढून टाका, त्या वासानं मळमळ वाढते.

उपाशी नेऊ नका आणि तर्रीबाज मिसळ खाऊनही नेऊ नका. भाकरी, केळं, थोडा उपमा असं हलकं काही तासभर आधी. आल्याचा तुकडा किंवा आवळासुपारी तोंडात धरल्यानं पुष्कळांना बरं वाटतं. गोळी द्यायची तर डॉक्टरांना विचारून, घाटाच्या अर्धा-पाऊण तास आधी द्या. मळमळ सुरू झाल्यावर दिलेली गोळी पोटात टिकत नाही. सासूबाईंना रक्तदाबाची किंवा काचबिंदूची औषधं चालू असतील तर तेही डॉक्टरांना सांगा.

बाकी सगळं चालवणाऱ्याच्या हातात आहे. वळणाच्या आधी वेग कमी करायचा आणि वळणात गाडी एकसारखी ठेवायची. वळणात शिरून ब्रेक दाबला की मागे बसलेल्यांचं पोट ढवळून निघतं.

घाटात गाडी चालवायची सवय नाही. धीर होत नाही. (गडहिंग्लज)

धीर एका सकाळी येतो, पण ती सकाळच हवी. उजेड असताना, रस्ता कोरडा असताना पहिला घाट उतरा.

ज्या गिअरमध्ये तो उतार चढला असता त्याच गिअरमध्ये उतरायचं, बहुतेक ठिकाणी दुसरा. इंजिनच गाडीला मागे खेचून धरतं आणि ब्रेक तापत नाहीत. गाडी न्यूट्रलमध्ये टाकून पेट्रोल वाचवायचा विचारही करू नका. ऑटोमॅटिक गाडी असेल तर खालचा गिअर हातानं कसा लावायचा ते घरीच शिकून घ्या. ब्रेकचा जळका वास आला तर रुंद जागा बघून थांबा आणि आपोआप गार होऊ द्या, चाकांवर पाणी मारू नका. चढणाऱ्या गाडीला आधी वाट द्यायची, हा नियम आहे. मागून कोणी हॉर्न वाजवत असेल तर बाजूला घेऊन पुढे जाऊ द्या. धुकं असेल तर दिवे डिपरवर ठेवा. अप्परचा उजेड धुक्यावर आपटून आपल्याच डोळ्यांवर येतो.

एक दिवस वाचवण्यासाठी रात्री जेवून निघालो तर? मुलंही झोपतील. (जयसिंगपूर)

नको. हंगाम सुरू झाला की आपल्या जिल्ह्यातल्या रस्त्यांवर रात्रभर उसाचे ट्रॅक्टर चालतात. मागे दोन-दोन ट्रॉल्या, बाहेर आलेला ऊस आणि पुष्कळदा लाल दिवा नाही की रिफ्लेक्टर नाही. पंक्चर झालेली ट्रॉली रस्त्यातच दगड लावून उभी असते. त्यापुढे आंबा घाटाच्या जंगलात गवे रस्त्यावर येतात. गव्याचा रंग काळा, अंगावर दिवे पडेपर्यंत तो दिसत नाही आणि वजन गाडीला चिरडेल इतकं. मुलं झोपलेली असतील, पण चालवणाऱ्यालाही झोप येतेच. दिवस वाचवायचा असेल तर एक ठिकाण कमी करा.

शहरात वाढलेल्या नातवंडांना वाटेत गाव दाखवायचंय. पण कुणाच्या दारात असंच कसं जायचं? (शिवाजी पेठ)

तुमच्या मनात हा संकोच आहे, म्हणूनच तुम्ही जायला योग्य आहात. माणसं कामात असतात तिथे थांबा आणि आधी विचारा.

दिवाळीनंतर निघणार असाल तर गुऱ्हाळासारखी दुसरी जागा नाही. पूर्वीपेक्षा कमी झाली असली तरी धूर आणि गोड वास यांच्या मागावर गेलात की सापडतात. गाडी रस्त्याकडेला अशी लावा की उसाची गाडी आत जाईल. गुळव्याला विचारा, 'पोरांना दाखवू काय जरा?' सहसा कोणी नाही म्हणत नाही. मग मुलांना क्रमानं दाखवा: चरकातून निघणारा रस, चिपाडावर पेटलेलं चुलवाण, त्यावरची मोठी काहील. रस उकळायला लागला की भेंडीचा रस टाकून वर आलेली मळी काढतात. पाक झाला की नाही हे गुळव्या बुडबुड्यांवरून आणि पाण्यात टाकलेल्या थेंबावरून ओळखतो. तो क्षण चुकला तर अख्खी काहील बिघडते, त्यामुळे त्या वेळी त्याच्याशी बोलू नका. एवढं एक पथ्य मुलांना आधीच सांगून ठेवा. काहिलीपासून चार हात लांब उभं राहायचं आणि लहानाचा हात सोडायचा नाही, उकळता पाक अंगावर उडाला तर चिकटून भाजतो.

निघताना गूळ किंवा काकवी विकत घ्या. फुकट देऊ केली तरी पैसे द्या. शाहू महाराजांनी १८९५ मध्ये शाहूपुरीची पेठ वसवली ती गुळाच्या व्यापारासाठी, ही गोष्ट आजोबांनी तिथेच उभं राहून सांगितली तर नातवंडांच्या कायम लक्षात राहील.

घाट उतरल्यावर गाव बदलतं तेही त्यांना बघू द्या. वर काळी माती, ऊस आणि एकमेकांना चिकटलेली घरं. खाली जांभ्या दगडाचे गडगे, सुटी सुटी घरं, अंगण, माड, पोफळी. कुणाच्या आगरात किंवा बागेत न विचारता शिरू नका आणि पाणवठ्यावर बायका असतील तिथे फोटो काढू नका. गावातल्या दुकानातून शहाळं, कोकम, घरगुती पोहे असं काही घेतलंत की बोलणं आपोआप सुरू होतं.

रत्नागिरी शहरात म्हाताऱ्यांना झेपेल आणि मुलांनाही आवडेल असं काय? (उचगाव)

थिबा राजवाडा आधी. ब्रह्मदेशाचा शेवटचा राजा थिबा. १८८५ मध्ये इंग्रजांनी त्याचं राज्य घेतलं आणि त्याला कुटुंबासह इकडे आणून ठेवलं. हा राजवाडा १९१० मध्ये बांधून झाला आणि १९१६ मध्ये राजा रत्नागिरीतच वारला. तीस वर्षं परक्या किनाऱ्यावर राहिलेल्या राजाची हकीकत दहा वर्षांच्या मुलाला बरोबर कळते, फक्त ती गाडीतच सांगून ठेवा. आत संग्रहालय आहे, त्यामुळे सोमवार टाळा. संध्याकाळी थिबा पॉइंटवरून भाट्याची खाडी बघता येते आणि तिथे चढावं लागत नाही.

लोकमान्यांचा जन्म १८५६ चा, टिळक आळीतला. ते घर जपलेलं आहे आणि अर्ध्या तासात बघून होतं. १९३१ चं पतितपावन मंदिर जवळच आहे. सावरकरांनी पुढाकार घेतला आणि भागोजीशेठ कीर यांनी पैसा दिला. सर्व जातींच्या लोकांना एकत्र दर्शन घेता यावं म्हणून ते बांधलं गेलं. शाहू महाराजांच्या गावातल्या मुलांनी ते बघायलाच हवं. रत्नदुर्गावर भगवतीच्या देवळाजवळपर्यंत गाडी जाते, वरून समुद्र दिसतो. मिरकरवाडा बंदरावर मासळी उतरताना बघायला मुलांना आवडेल, पण जमीन ओली आणि निसरडी असते, आजीला तिथे नेऊ नका.

गणपतीपुळ्याला समुद्रात उतरायचं मुलांनी आत्तापासूनच ठरवलंय. भीती वाटते. (मंगळवार पेठ)

भीती रास्त आहे. गणपतीपुळ्याच्या समुद्रात माणसं बुडाल्याच्या बातम्या येत राहतात आणि त्यांत घाटावरून गेलेले पुष्कळ असतात. पंचगंगेत किंवा रंकाळ्यात पोहायला शिकलेल्या माणसाला समुद्र कळतोच असं नाही. तिथे परतणारी लाट पायाखालची वाळू ओढून नेते आणि आत खेचणारा प्रवाह वरून शांत दिसतो. मोठ्यांनी गुडघ्यापर्यंत आणि मुलांनी घोट्यापर्यंत, मोठ्याचा हात धरून. जीवरक्षक किंवा स्थानिक माणूस नको म्हणाला तर वाद न घालता मागे फिरायचं.

भरती-ओहोटीची वेळ राहत्या ठिकाणी विचारा. भरती आणि ओहोटी यांत साधारण सहा तासांचं अंतर असतं आणि वेळा रोज सुमारे पन्नास मिनिटांनी पुढे सरकतात. अमावस्या-पौर्णिमेला उधाण असतं, त्या दिवशी नुसतं किनाऱ्यावर बसा. गाडी वाळूत उतरवू नका. चाकं रुततात आणि भरती थांबत नाही.

जाताना आरे-वारेच्या रस्त्यानं जा. समुद्र सतत डाव्या हाताला राहतो, आजी-आजोबांना गाडीत बसूनच सगळं दिसतं. देवळामागच्या डोंगराची प्रदक्षिणा साधारण एक किलोमीटरची आहे. चालवत असेल तर सकाळी लवकर, ऊन चढल्यावर नको.

मुलगा म्हणतो जुलैत जाऊ, धबधबे बघू. (इचलकरंजी)

म्हातारी माणसं बरोबर असताना जुलै नको. घाटात दरडी येतात आणि परत येताना आपलंच गाव आपल्याला आत घेत नाही. पंचगंगेची पातळी राजाराम बंधाऱ्यावर ३९ फुटांना इशाऱ्याची आणि ४३ फुटांना धोक्याची. रेडेडोह फुटला, म्हणजे तिथून पंचगंगेचं पाणी पात्राबाहेर पसरलं, की केर्लीजवळ रत्नागिरीचा रस्ता पाण्याखाली जातो. २०१९ आणि २०२१ चे पूर सगळ्यांना आठवत असतील. शिवाय १ जून ते ३१ जुलै यांत्रिक नौकांना मासेमारी बंद असते, म्हणजे ज्या ताज्या मासळीसाठी जीव टाकतो तीही मिळायची नाही. सप्टेंबर संपता संपता जा. घाट हिरवा असतो, बारीक धबधबे वाहत असतात आणि रस्ता मोकळा असतो. गणपतीचे दिवस मात्र सोडून, तेव्हा मुंबईकरांनी महामार्ग भरलेला असतो.

रत्नागिरीऐवजी मालवणला जायचं तर राधानगरीवरून की गगनबावड्यावरून? (कळंबा)

सहकुटुंब असाल तर राधानगरी-फोंडा. वाटेत शाहू महाराजांनी उभारायला घेतलेलं धरण आहे, पुढे दाजीपूरचं जंगल. तिथलं गव्यांचं अभयारण्य १९५८ पासूनचं, राज्यातल्या सर्वांत जुन्यांपैकी. गगनबावड्याहून उतरणारा करूळ घाट दिसायला अधिक देखणा आहे, पण रुंदीकरणासाठी तो बराच काळ बंद होता आणि पावसात तिथे दरड येते. तो घ्यायचाच असेल तर वाहतूक चालू असल्याची आदल्या दिवशी खात्री करून घ्या.

येताना त्याच रस्त्यानं यायचा कंटाळा येतो. दुसरी वाट आहे का? (फुलेवाडी)

आहे. रत्नागिरीहून राजापूरकडे येऊन ओणी-पाचलवरून अणुस्कुरा घाट चढायचा आणि बाजारभोगाव, कळे करत कोल्हापूर. वर्दळ कमी, झाडी दाट. पण सोयीही कमी आहेत: पेट्रोल महामार्गावरच भरून घ्या, पाणी आणि जेवण बरोबर ठेवा, फोनला रेंज नसेल असं धरून चाला. दुपारी बाराच्या आत घाटाच्या पायथ्याशी पोचणार असाल तरच ही वाट घ्या. उशीर झाला असेल तर सरळ आंबा घाटानं या.