कोष नक्की कशाला म्हणायचं?

प्रश्न असा आलाय की अ‍ॅटलास या मोठ्या पतंगावर मराठीत लिहिताना ककून (अळी स्वतःभोवती विणते ते रेशमाचं घर) आणि प्यूपा (अळी आणि पतंग यांच्या मधली अवस्था) दोन्हीला 'कोष' लिहिलं तर चालेल का, कारण 'कोषाच्या आत कोष असतो' असं विचित्र वाक्य होतंय.

चूक तुमची नाहीये, शाळेच्या पुस्तकात अंडी, अळी, कोष, पतंग असंच शिकवतात, म्हणजे तिथे कोष म्हणजे प्यूपा. हरभऱ्यावरची घाटेअळी तर जमिनीत शिरून प्यूपा होते, वर रेशमाचं घरबिर काही नाही, तरी शेतकरी कोषच म्हणतात. उलट रेशीमवाल्यांचा कोष म्हणजे धाग्याचं वेटोळं, आणि आतल्या जिवाला ते सरळ प्यूपा म्हणतात.

माझं मत रेशीमवाल्यांच्या बाजूने. मुळात कोश म्हणजे काहीतरी आत ठेवायची पेटी, म्यान, खजिना (कोश-कोष दोन्ही चालतं, त्यावर भांडू नका). अ‍ॅटलासची अळी पेरू, दालचिनी, लिंबू असल्या झाडांची पानं खाऊन चार इंचांच्या पुढे जाते, मग पान अंगाभोवती ओढून रेशमाने शिवते, देठही फांदीला बांधून टाकते म्हणजे पावसावाऱ्यात पडायला नको. तैवानमध्ये हे रिकामे कोष छोट्या पर्ससारखे वापरतात, आता याहून शब्दशः कोश काय असणार! विदर्भात ऐनाच्या झाडावर टसर या रानरेशमाच्या अळ्या पाळतात, ती याच कुळातली, आणि त्या रेशमाला म्हणतात तो 'कोसा' हा शब्दही 'कोश'वरूनच आलाय.

अजून एक, अळीला 'सुरवंट' लिहिलंय ते बदला. सुरवंट म्हटलं की आपल्याला केसाळ, खाजरा प्राणी दिसतो, ही गुळगुळीत मांसल काट्यांची आणि अंगावर पांढरी पावडर लावल्यासारखी असते. अळीच बरं. आणि मॉथला पतंगच लिहा, पाकोळी म्हणाल तर ताडपाकोळी आठवून लोक पक्षी समजतील.

तर वाक्य असं करा: 'अळी पानात कोष विणते, आत तिचा प्यूपा होतो, साधारण महिन्याभराने पतंग बाहेर येतो.' आणि हो, पुढचं 'फुलातला मध पितो' खोडा, पंख पसरले तर वीतभर भरतो हा पण खायला कामाचं तोंडच नाही, अळी असताना जे खाल्लं त्यावर आठवडा-दोन आठवडे काढतो, तेवढ्यात जोडी जमली तर जमली.