आधी मोजायला शिक

चि. बेटा,
अनेक आशीर्वाद.

एम.एस्सी. फिजिक्सनंतर भूचुंबकत्वात जायचं म्हणतेस आणि वडील विचारतात, "पन नोकरी लागी का?" त्यांचा प्रश्न रास्त आहे. जागा थोड्याच असतात. पनवेलची भारतीय भूचुंबकत्व संस्था हे आपल्याकडचं मुख्य ठिकाण. हैदराबादच्या राष्ट्रीय भूभौतिकी संशोधन संस्थेतही हे काम चालतं. नेट किंवा गेट, मग पीएच.डी., मग पोस्टडॉक. कायमची जागा मिळेपर्यंत तिशी सहज उलटते. हे घरी आत्ताच स्पष्ट सांगून टाक. खनिजांचा आणि भूजलाचा शोध घेणाऱ्यांनाही हीच विद्या लागते, हेही सांग.

आता माझं म्हणणं. तू पायथॉन शिकतेयस, उत्तम. पण या विषयात मोजमापाला पर्याय नाही, आणि नव्या मुलांचं नेमकं तिथेच दुर्लक्ष होतं, याची मला फार काळजी वाटते. आपल्याकडे पृथ्वीचं चुंबकीय क्षेत्र साधारण 43-44 हजार नॅनोटेस्ला (हे क्षेत्राची ताकद मोजायचं एकक). रोज सूर्यामुळे त्यात होणारा चढउतार काही दहा नॅनोटेस्लांचा, म्हणजे वीस, तीस, पन्नास असा. म्हणजे आपण शोधतो तो बदल मूळ आकड्याच्या हजाराव्या हिश्शाएवढा. खिशातली किल्ली, पट्ट्याचं बक्कल, जवळून गेलेली मोटारसायकल, यातलं काहीही त्यावर पाणी फिरवू शकतं. मुंबईत विजेवर ट्राम धावणार म्हटल्यावर कुलाब्याच्या वेधशाळेतलं चुंबकीय निरीक्षण 1904 मध्ये अलिबागला हलवावं लागलं. त्याआधी नानाभॉय मूस यांनी 1896 पासून त्या वेधशाळेची धुरा सांभाळली होती. ते तिचे पहिले भारतीय संचालक.

त्याच कुलाब्याची आणखी एक गोष्ट मनात ठेव. सप्टेंबर 1859 च्या प्रचंड सौरवादळात तिथल्या निरीक्षकांनी नोंदी नेहमीपेक्षा कमी अंतराने घेतल्या. क्षैतिज घटक, म्हणजे क्षेत्राचा जमिनीला समांतर भाग, सुमारे 1600 नॅनोटेस्लांनी घसरलेला त्यात सापडला. जवळजवळ दीडशे वर्षांनी त्या वादळाची ताकद पुन्हा मोजायला बसलेल्यांना याच नोंदी कामी आल्या. ज्यांनी त्या लिहिल्या त्यांना याचा काय उपयोग होईल हे ठाऊकही नसणार. तुझी वही अशीच हवी: वेळ, उपकरण, हवा, शेजारी काय घडलं, सगळं त्यात. नको वाटणारा आकडा खोडायचा नाही, त्याच्यापुढे शंका लिहायची.

आणि अभ्यासासाठी दूर कशाला बघायचं? साक्री-दोंडाईचा भागात माळावर काळ्या दगडाच्या लांबच लांब रांगा दिसतात ना, कुणी तट बांधावा तशा? ते डाईक. भेगांत घुसून थिजलेला लाव्हारस. दख्खनचे लाव्हाथर साधारण 6.6 कोटी वर्षांपूर्वीचे. असा खडक निवताना त्यातलं मॅग्नेटाइट, म्हणजे लोहाचं चुंबकीय खनिज, 580 अंश सेल्सिअसखाली आलं की त्या वेळच्या क्षेत्राची दिशा त्यात कायमची बसते. ती दिशा क्षितिजाशी किती कललेली आहे, यावरून खडक कुठल्या अक्षांशावर थिजला ते काढता येतं. भारत तेव्हा विषुववृत्ताच्या दक्षिणेला होता आणि तिथून उत्तरेला सरकत आला, याचा एक भक्कम पुरावा या दख्खनच्या दगडांतूनच मिळाला. आपल्या पायाखालचा काळा दगड हे सांगतो, याचं मला इतकी वर्षं झाली तरी अप्रूप आहे.

पण तो दगड फसवतोही. डाईकला कंपास टेकवून बघ, मग दहा पावलं मागे येऊन बघ; सुई वेगळीच दिशा दाखवेल. म्हणून नमुना काढताना दिशा सूर्याच्या सावलीवरूनही घ्यायची. माथ्यावरच्या दगडावर वीज पडली असेल तर त्याचं मूळ चुंबकत्वच बदललेलं असतं, तिथला नमुना टाळ. नव्या मुलांना उंचावरचा, स्वच्छ दिसणारा तोच दगड आवडतो.

पीएच.डी.साठी गाईड निवडताना त्यांच्या पेपरची संख्या नंतर बघ. त्यांचे विद्यार्थी फील्डवर जातात का, कच्च्या नोंदी जपून ठेवतात का, हे आधी त्या विद्यार्थ्यांनाच विचार.

दिवाळीच्या सुट्टीत धुळ्याला ये. सकाळी लवकर निघू, उन्हं चढायच्या आत दोन डाईक होतील. तुमच्या जवळच्या कॉलेजच्या भूगोल विभागाकडून ब्रंटन कंपास (दिशा आणि उतार दोन्ही मोजणारा) मिळतो का ते विचारून ठेव, आणि एक नवी कोरी वही आण, मोठ्या चौकोनांची.

तुझा,
काका