समरी (झटपट निकालाच्या) दाव्याचं समन्स आलंय, थेट कैफियत (लेखी उत्तर) दिली तर चालेल का?

नाही चालणार. कोल्हापूरजवळच्या शिरोली एमआयडीसीतल्या पुरवठादाराने कास्टिंगच्या (ओतीव धातूच्या भागांच्या) थकीत बिलांसाठी तुमच्यावर लावलेला दावा दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३७ खाली आहे. इथे आधी बचावाची परवानगी, म्हणजे लीव्ह टू डिफेंड, घ्यावी लागते.

समन्स मिळाल्यापासून १० दिवसांत कोर्टात हजेरी नोंदवा. ती चुकली की वादीचं म्हणणं कबूल धरून हुकूमनामा (कोर्टाचा निर्णय) तुमच्याविरुद्ध होतो. हजेरीनंतर वादी निकालासाठीचं दुसरं समन्स बजावतो; तिथून पुन्हा १० दिवसांत प्रतिज्ञापत्रासह परवानगीचा अर्ज.

खरी लढाई त्या प्रतिज्ञापत्रात आहे. ‘माल खराब होता’ एवढ्यानं भागत नाही. परत पाठवलेल्या मालाचं चलन, डेबिट नोट (बिलातून रक्कम वजा केल्याची चिठ्ठी), त्या वेळचे व्हॉट्सअ‍ॅप मेसेज जोडा. (दावा लागल्यावर आठवलेली तक्रार न्यायाधीशांना लगेच कळते बरं का!) बचाव भक्कम असेल तर विनाअट परवानगी, शंकास्पद वाटला तर पैसे भरण्याची किंवा तारणाची अट; सुप्रीम कोर्टाने हबटाउन कंपनीच्या खटल्यातल्या २०१६ च्या निकालात हे सविस्तर मांडलंय. जेवढी रक्कम तुम्हालाच कबूल आहे, तेवढी मात्र कोर्टात भरावीच लागते.

समन्स हातात पडल्याची तारीख लिहून ठेवा आणि उद्याच कोल्हापुरात कसबा बावडा रोडवर वकील गाठा.