शेजारपाजार, घरं आणि घोडे असलेल्या कादंबऱ्या: कुठून सुरुवात करावी?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: खेड्यातली कुटुंबं, त्यांचे शेजारी आणि घोडे असलेल्या कादंबऱ्या हव्यात; शर्यती, राजेरजवाडे, लढाया नकोत; मराठीत काही असेल तर सांगा; आणि चौदा वर्षांची मुलगी घोडेस्वारी शिकते आहे, तिच्याबरोबर वाचता येईल असंही एखादं पुस्तक सुचवा.

मराठीचं आधी उरकतो. आपल्या ग्रामीण कादंबरीत घोडा येतो तो कडेकडेनेच. आपल्याकडे शेजाऱ्याच्या दारात मागायला जायचं जनावर म्हणजे बैल. घोडं असायचं पाटलाकडे, टांगेवाल्याकडे, नाहीतर धनगराकडे. त्यामुळे जनावर आणि माणूस यांचं एकत्र जगणं मराठीत वाचायचं असेल तर आनंद यादवांची 'गोतावळा' (1971) घ्या. मळ्यावरचा गडी नारबा, त्याच्या भोवतीची गुरं, आणि मालकाने आणलेला ट्रॅक्टर. घोड्याची हौस ती भागवणार नाही, पण पुढच्या पुस्तकांत जे जे आवडेल त्यातलं बरंचसं तिथे आधीच सापडेल. शेजारपाजार हवा असेल तर माडगूळकरांची 'बनगरवाडी' (1955) आहेच, ती तुम्ही वाचलेली असणार असं धरून चालतो.

खरं तर धनगरांच्या घोड्यावर कादंबरी व्हायला हवी होती. आमच्या भागात पावसाळा सरला की धनगर मेंढरं घेऊन उतरत. रात्री शेतात मेंढरं बसवायची, त्या खताच्या बदल्यात धान्य घ्यायचं आणि पुढच्या शिवारात जायचं. सगळं बिऱ्हाड घोड्याच्या पाठीवर: घोंगड्या, भांडी, जाळी, त्यावर पाय बांधलेली कोंबडी, कधी नुकतंच व्यालेलं कोकरू, आणि सगळ्याच्या वर एखादं पोर. भीमेच्या खोऱ्यातलं हे बुटकं, काटक भीमथडी तट्टू. पेशवाईच्या फौजांबद्दल लिहिताना त्याचं नाव निघतं, पण त्याच्या पाठीवरच्या संसाराकडे कुणी फार पाहिलेलं नाही.

आता बाहेरची पुस्तकं. अशी कादंबरी निवडताना मी एक कसोटी लावतो: यातला घोडा काढून टाकला तर ही माणसं एकमेकांच्या दारात जातील का? जात असतील तर घोडा नुसता शोभेला आहे. जात नसतील तर पुस्तक तुमच्या कामाचं. 'ब्लॅक ब्यूटी' सगळेच सुचवतील. ती मोठी कादंबरी आहे यात वाद नाही, पण त्यातला घोडा मालकामागून मालक बदलत जातो आणि गाव असं उभं राहत नाही. म्हणून ती इथे बाजूला ठेवतो.

या कसोटीवर सगळ्यात खरी उतरते ती मॉली ग्लॉस यांची 'द हार्ट्स ऑफ हॉर्सेस' (2007). काळ 1917 च्या हिवाळ्याचा, जागा अमेरिकेतल्या ओरेगॉन राज्याचा पूर्वेकडचा भाग. गावातली तरुण पोरं पहिल्या महायुद्धावर निघालीत किंवा निघण्याच्या बेतात आहेत, कोऱ्या घोड्यांवर बसणारं कुणी उरलेलं नाही. अशात मार्था लेसन नावाची एकोणीस वर्षांची दांडगी, लाजरी मुलगी घोड्यावरून येते आणि जॉर्ज ब्लिस नावाच्या शेतकऱ्याला विचारते, तुमचे घोडे मी तयार करून देऊ का? त्या काळी घोडा 'तयार करणं' म्हणजे त्याला दोरांनी जखडायचं, वर बसायचं आणि तो दमून हार मानेपर्यंत उतरायचं नाही. मार्था तसं करत नाही. ती घोड्याजवळ उभी राहते, बोलत राहते, अंगावरून हात फिरवते, घाई करत नाही. बघे हसायला जमतात आणि काही घडत नाही म्हणून कंटाळून घरी जातात.

पण पुस्तकाची खरी गंमत या हळुवारपणात नाही, तिच्या कामाच्या पद्धतीत आहे. लहानपणी आपण कोडं घालायचो: घोडा का अडला, पान का सडलं, भाकरी का करपली? न फिरवल्यामुळे. मार्थाला हे पक्कं ठाऊक आहे. घोडा एकदा अंगावर बसू देऊ लागला की त्याला रोज फिरवायला हवं, नाहीतर केलेलं सगळं पाण्यात. आणि घोडे तर वेगवेगळ्या मालकांचे, मैलोन्मैल पसरलेल्या शेतांवर. म्हणून ती एक फेरी आखते. सकाळी एका शेतावरून एका घोड्यावर निघायचं, दुसऱ्या शेतावर पोचून तो तिथे सोडायचा, खोगीर काढून तिथल्या घोड्यावर चढवायचं, त्यावरून तिसऱ्या शेतावर. असं करत सगळं वर्तुळ पुरं करायचं. रोज प्रत्येक घोड्याचा मुक्काम एक घर पुढे सरकतो. प्रत्येकाला नवा गोठा, नवी कुत्री, दोरीवर फडफडणारे नवे कपडे, नव्या माणसांचे आवाज यांची सवय होते.

म्हणजे कुणा एकाचा घोडा रोज रात्री दुसऱ्याच्याच दावणीला. आपल्याकडे एकेक बैल असलेले दोन शेतकरी सावड करतात, त्यातलाच हा प्रकार. आज तुझ्या रानात, उद्या माझ्या. सावडीत जसं शेजाऱ्याच्या घरातलं काही लपून राहत नाही, तसंच इथेही होतं. मार्था बिचारी कुणाच्या भानगडीत नाक खुपसणारी नाही, पण रोज प्रत्येक अंगणात जायचंच असल्याने तिला सगळं दिसतं. एका घरी दारूपायी कामधंदा सुटत चाललेला नवरा. दुसरं घर जर्मन वंशाच्या कुटुंबाचं, आणि युद्धाच्या हवेत काल परवापर्यंतचे शेजारी त्यांच्याकडे वाकड्या नजरेने बघू लागलेत. एका मोठ्या शेतावर दोन म्हाताऱ्या, अविवाहित बहिणी सगळा कारभार स्वतः बघतात. आणि एका घरी टॉम कँडेल, कोंबड्या पाळणारा, कर्करोगाने हळूहळू खंगणारा माणूस.

कँडेल कुटुंबाची प्रकरणं या पुस्तकातली सगळ्यात चांगली. दुखणं वाढत जातं, पण कोंबड्यांना दाणा टाकायचा असतोच, मुलगा वयात येत असतो, बायकोला रात्री झोप नसते. मार्था त्या घरासाठी मोठं असं काही करत नाही. ती फक्त रोज येते, घोडा बदलते आणि जाते. दुसरी लेखिका असती तर तिने मार्थाकडून त्या घरात काहीतरी चमत्कार घडवून आणला असता. ग्लॉस ते टाळतात, आणि म्हणूनच ती घरं खरी वाटतात.

नावं ठेवायची तर एवढंच: मार्थाचं लग्न कुणाशी होणार हे आपल्याला तिच्या कितीतरी आधी कळतं. शिवाय निवेदक मधूनमधून पुढच्या वर्षांत डोकावून येते. युद्धामुळे गव्हाला भाव आलाय, कुरणं नांगरली जाताहेत, लवकरच मोटारी येणार आणि या घोड्यांना कुणी विचारणार नाही, हे ती आधीच सांगून टाकते. काही वाचकांना हा रसभंग वाटतो. मला उलट ते आवडलं, कारण मग मार्थाच्या सगळ्या मेहनतीकडे आपण वेगळ्या नजरेने बघू लागतो.

दुसरं नाव केंट हॅरफ यांच्या 'प्लेनसाँग'चं (1999). कोलोराडोच्या पठारावरचं होल्ट हे काल्पनिक गाव. यात घोडे कमी आहेत, शेजारी जास्त. सतरा वर्षांच्या व्हिक्टोरियाला दिवस गेल्यावर आई घराबाहेर काढते. गावातली एक शिक्षिका तिला गावाबाहेर राहणाऱ्या मॅकफेरॉन बंधूंकडे नेऊन सोडते. हे दोघं म्हातारे, बिनलग्नाचे, गुरं राखण्यात जन्म गेलेला. मुलगी घरात आहे पण तिच्याशी बोलायचं काय, हे त्यांना सुचत नाही. तिच्याशी बोला रे, गप्प बसून तिला एकटं पाडू नका, असं शिक्षिकेने बजावल्यावर एका संध्याकाळी ते जेवणानंतर मोठ्या गांभीर्याने तिला बाजारभाव समजावून सांगायला बसतात: सोयाबीन किती, डुकरं किती, वायदेबाजार म्हणजे काय. ती प्रश्न विचारते, ते उत्तरं देतात. तिघांनाही ठाऊक असतं की विषय बाजाराचा नाही. हॅरफ कुठेही 'ते एकमेकांच्या जवळ आले' वगैरे लिहीत नाहीत. संवादांना अवतरणचिन्हंसुद्धा देत नाहीत. पहिली वीसेक पानं त्याचा त्रास होतो, मग विसरायला होतं.

याच पुस्तकात आईक आणि बॉबी ही दोन भावंडं आहेत, वय दहा आणि नऊ. त्यांचा एल्को नावाचा घोडा आतड्याला पीळ पडून मरतो आणि पशुवैद्य अंगणातच त्याचं पोट फाडून कारण शोधतो. पोरं उभी राहून सगळं पाहतात. घोड्यांच्या पोटशूळाबद्दल ज्यांना माहिती आहे त्यांना तो प्रसंग किती नेमका आहे हे कळेल. बाकीच्यांनी तो रिकाम्या पोटी वाचावा. पुस्तकात प्रौढांसाठीचे काही प्रसंगही आहेत, तेव्हा मुलीच्या हाती आत्ताच देऊ नका. तुम्ही वाचा.

तिसरं पुस्तक अमेरिकेपासून फार लांबचं आहे: चिंगीझ ऐत्मातोव यांची 'फेअरवेल, गुल्सारी!' (1966). मॉस्कोत छापलेली स्वस्त, जाड पुठ्ठ्याची पुस्तकं ज्यांच्या घरात होती, त्यांना ऐत्मातोव हे नाव नवं नाही. किरगिझस्तानातला म्हातारा तानाबाय आपल्या म्हाताऱ्या घोड्याला गाडीला जुंपून घराकडे निघालाय. चढावर घोडा थांबतो. तो आता उठणार नाही हे तानाबायला कळतं, आणि त्याच्या शेजारी बसून काढलेल्या त्या रात्रीत सगळं आयुष्य उलगडतं. गुल्सारी रेवाल चालीचा (एका बाजूचे दोन्ही पाय एकदम टाकत चालणारा), सोनेरी रंगाचा, पंचक्रोशीत गाजलेला. शर्यत आहे यात, नाही असं नाही. पण ती गावच्या जत्रेतली, सगळ्यांनी मिळून बघायची. पुढे सामूहिक शेतीचा नवा अध्यक्ष येतो आणि असा घोडा कळपात कशाला, मला बसायला आणा, म्हणतो. गुल्सारी दावं तोडून पुन्हा पुन्हा कळपाकडे पळत येतो. पायात बेड्या घातल्या तरी तसाच लंगडत येतो. शेवटी त्याला खच्ची करतात.

घोड्याचं जे झालं तेच तानाबायचंही होत जातं, पण ऐत्मातोव माणसाला निव्वळ बिचारा म्हणून सोडून देत नाहीत. तरुणपणी याच तानाबायने क्रांतीच्या भरात सख्ख्यासारख्या सावत्र भावाला 'श्रीमंत शेतकरी' ठरवून गावाबाहेर पाठवलेलं असतं. ते घर पुन्हा सांधलं जात नाही. आपल्याकडे भाऊबंदकीच्या गोष्टी बांधाच्या वितीभर जमिनीवरून होतात, इथे ती तत्त्वावरून होते. मला ती जास्त भयंकर वाटली.

'आउट स्टीलिंग हॉर्सेस' (मूळ नॉर्वेजियन, 2003, लेखक पेर पेटरसन) ही या यादीत बहुतेकांकडून ऐकाल. जंगलात एकटा राहायला गेलेला सदुसष्ट वर्षांचा माणूस एका रात्री शेजाऱ्याला ओळखतो आणि 1948 चा उन्हाळा त्याच्यापुढे उभा राहतो. गद्य अप्रतिम, शेजारी दोन घरांचा तिढा जबरदस्त, पण घोडे मोजक्याच पानांवर. नावावर जाऊन घोड्यांसाठी घेऊ नका, बाप-लेकांसाठी घ्या. स्टाइनबेकची 'द रेड पोनी' छोटी आहे आणि मुलांची म्हणून खपवली जाते. कुठल्याही मुलाला ती एकट्याने वाचायला देण्याआधी स्वतः वाचून बघा, एवढंच म्हणेन.

मुलीसाठी मेरी ओहारा यांची 'माय फ्रेंड फ्लिका' (1941). वायोमिंगमधली घोड्यांची पैदास करणारी रँच, दहा वर्षांचा केन, परीक्षेत दिवास्वप्नं बघत बसून शून्य मिळवलेला. त्याला स्वतःचं शिंगरू हवंय, आणि तो निवडतो नेमकी बिथरलेल्या रक्ताची घोडी. पुस्तक मुलांचं आहे, पण आईबापांनाही त्यात पुरेसं सापडेल: थकलेली बिलं, घोड्यांना भाव नाही, बापाचा शीघ्रकोप, आणि आईने दोघांच्या मध्ये उभं राहणं. शेजारी कमी आहेत, कारण तिथे शेजारीच मैलांवर. काटेरी तारेत घोडी जखमी होते तो भाग लांबलेला आहे. मुलगी हळवी असेल तर त्या वेळी सोबत बसा.

ते झालं की दोघींनी मिळून मार्थाचं पुस्तक घ्या, इंग्रजी फार अवघड नाही. सुरुवातीची प्रकरणं वाचताना तिला विचारा, तुमच्याकडे नव्या घोड्याच्या पाठीवर पहिल्यांदा खोगीर ठेवताना काय काय करतात? मार्थाच्या पद्धतीत काही चुकत असेल तर ते तुमच्या-माझ्याआधी तिच्याच लक्षात येईल.